रताळ्यांचा दम

माझं अक्षर वाकडं आहे, आणि ऱ्हस्व-दीर्घाचं तर विचारूच नका. बार्शीला मामाकडं राहून चौथीपर्यंत शिकले. त्यानंतर हातात पेन्सिल आली ती वाणसामानाच्या चिठ्ठीपुरती. हे कुणी वाचेल असं नाही. तरी कुणाच्या हाती लागलंच, तर चुकांची माफी आधीच मागून ठेवते. बोलायला मी पहिल्यापासून भिते. लिहिताना निदान समोर कुणाचं तोंड नसतं.

आज सकाळी भाजीवालीनं दारात पाटी उतरवली. लाल सालीची रताळी, अंगाला ओली काळी माती. शिवरात्र जवळ आली की इथं कळंबच्या बाजारात हा वास सुटतो, आणि मग तो घरोघर फिरतो. "आज्जी, किती देऊ?" तिनं विचारलं. घरात खाणारी मी एकटी. एकच दे म्हणायची लाज वाटली, म्हणून दोन किलो घेतली. आता ती सैपाकघरात टोपलीत पडली आहेत. मी उगीच दोनदा जाऊन बघून आले, कुणी पाहुणं येऊन बसल्यासारखी.

लग्न होऊन मी नळदुर्गाला आले त्या साली रताळी पोत्यानं आली होती. लढाईचं साल होतं. साखर दृष्टीस पडत नव्हती, राकेल जपून जाळायचं, ज्वारी मोजून काढायची. सासऱ्यांचं किराणाचं दुकान. मळेवाले मीठ-मिरची नेत आणि बदल्यात रताळी आणून ओतत. सोप्यात एका कोपऱ्यात ढीग लागला होता. पहाटे झाडू मारायला गेले की अंधारात आधी तो वास भेटायचा, मातीचा आणि जरासा गोड. महिनाभर आम्ही रताळी खाल्ली. उकडून, भाजून, किसून, भाकरीच्या पिठात मळून. सासरे म्हणत, "आता आपल्यालाच कोंब फुटतील."

मी त्या घरात नवी होते. माझं माहेर ईट, भूम तालुक्यातलं. आम्हीही वाणीच, गळ्यात लिंग, पूजा तीच, सण तेच. वेगळं होतं ते बोलणं. नळदुर्गाच्या त्या घरात आपापसात कानडी चाले. दुकानात गिऱ्हाइकाशी मराठी, धोबिणीशी मराठी, सडकेवरच्या मोटारवाल्यांशी हिंदुस्थानी. चुलीपाशी मात्र कानडी. आणि माझ्याशी मराठी.

सासूबाईंना सगळे अव्वा म्हणत. त्या वाईट नव्हत्या. पण धोबिणीला "कपडे नीट पिळत जा" म्हणायचा त्यांचा सूर आणि मला "भाकरी जाड झाली" म्हणायचा सूर, यात मला फरक ऐकू यायचा नाही. त्याच तोंडानं त्या सासऱ्यांकडं वळून कानडीत काही म्हणत तेव्हा आवाज एकदम मऊ व्हायचा. जसं काही चप्पल काढून माणूस घरात आलं. मी उंबऱ्याबाहेर राहिले, हे मला तेव्हा कळायचं. चुलीपुढं बसून.

जेवताना सगळे हसले की मीही हसायची, जरा उशिरानं. ते अव्वांच्या ध्यानात आलं.

"काय कळलं म्हणून हसलीस गं?"

मी ताटात बघत राहिले.

"ईटच्या लोकांनी पोरगी दिली, जीभ तेवढी ठेवून घेतली," अव्वा म्हणाल्या.

"राहू दे की. भाकरी तर गोल करती," सासरे म्हणाले. दोघंही हे मराठीत बोलले, मला कळावं म्हणून. माझे मालक मान खाली घालून जेवत होते. ते दिवसभर दुकानात असत आणि निजायलाही दुकानातच, राखणीला. त्यांचा माझा परिचय तेव्हा ताट वाढण्यापुरता होता.

त्या घराची रीत अशी, की नव्या सुनेनं पहिल्या शिवरात्रीचा फराळ एकटीनं करायचा. दुसऱ्या दिवशी भाऊ तिला माहेरी घेऊन जायचा. सून दारातून निघताना सासू परत यायचा दिवस सांगते. पाडव्याला या, पंचमीला या, काहीतरी. तो दिवस नाही सांगितला, तर माहेरच्यांनी समजून घ्यायचं. आमच्याच गल्लीत एकीला अशी बिनदिवसाची पाठवली होती. तिचं तांब्याचं घंगाळ सासरी पडून होतं आणि ती माहेरी. कुणी तिला टाकली असं म्हणत नव्हतं. "ती माहेरी असते," एवढंच म्हणत.

माझ्याबद्दल अव्वा धोबिणीला म्हणताना मी ऐकलं होतं, "शिवरात्रीला हिचा भाऊ येतोय. बघू मग." मराठीत बोलल्या, म्हणून मला कळलं. कानडीत बोलल्या असत्या तर मी तो महिना सुखानं काढला असता.

परसात म्हशीचा गोठा, भांडी घासायचा दगड आणि मागं उंच मातीची भिंत. भिंतीपलीकडं करोडगिरीच्या नाक्यावरच्या एका कारकुनाचं बिऱ्हाड होतं. सोलापुराहून येणाऱ्या मालाची जकात घेणारा तो नाका. कारकून दिवसभर तिकडं असत. त्यांची बायको घराबाहेर पडत नसे, मीही पडत नसे. एकदा दुपारी भांडी घासताना मला रडू आलं. पलीकडून आवाज आला.

"कौन रोता है गे उधर?"

मी घाबरले. "कुणी न्हाय," म्हटलं.

"कोई नहीं तो इतना जोर से कैको रोता?"

मला रडता रडता हसू आलं, आणि या वेळी उशिरा नाही आलं.

त्या खालाबी. हैदराबादेच्या. वयानं माझ्या आईएवढ्या असाव्यात. असाव्यात असं म्हणते, कारण मी त्यांचं तोंड कधी पाहिलं नाही. मी त्यांचा हात तेवढा ओळखते. भिंतीवरून तो हात यायचा. बोटांवर मेंदीचा उतरता रंग, मनगटात काचेच्या हिरव्या बांगड्या, अंगठ्याच्या मुळाशी भाजल्याचा जुना डाग. मला त्या दुल्हन म्हणत. मराठी त्यांना कळे, बोलता येत नसे. त्यांचं बोलणं मला पहिल्या दिवसापासून कळत गेलं. घरातलं कानडी मला कळत नव्हतं आणि भिंतीपलीकडचं सगळं कळत होतं. माणूस जिथं बोलतं तिथली भाषा कानाला लागते, दुसरं काय.

फराळाचं आणि परतीच्या दिवसाचं मी त्यांना सांगितलं. आईकडं शिवरात्रीला उकडलेली रताळी दुधागुळात कुस्करायची, एवढंच मला येत होतं. आणि इथं तर महिनाभर तेच चाललं होतं.

"दिन नहीं बोले तो?" त्यांनी विचारलं.

मी घासलेलंच भांडं पुन्हा घासायला घेतलं.

"रताळू है ना घर में? फिर क्या. मैं तेरेकू दम देने का सिखाती."

त्यांनी सगळं शिकवलं ते तोंडानं. एकही भांडं इकडून तिकडं गेलं नाही. रताळी उकडायची नाहीत. "पानी पीता वो. राख में भून." गरम राखेत पुरून भाजायची, सोलून तुपात कुस्करायची, गूळ आणि वेलदोडा घालून पातेल्यात थापायची. वर बदाम-पिस्त्याचा थर.

"खालाबी, बदाम कुठले आणू? शेंगदाणे हायत."

"तो शेंगदाणा डाल. बादाम का गरीब चाचा है वो."

शेंगदाणे भाजून खलबत्त्यात नुसते फोडायचे, पीठ करायचं नाही, दाताखाली आले पाहिजेत. त्यात गुळाचे बारीक खडे, किसलेलं खोबरं, वर तूप. मग पातेल्यावर मातीचं परळ झाकायचं आणि परळात निखारे भरायचे. खाली थोडे, वर पुष्कळ. आमच्याकडं विस्तव नेहमी खाली असतो. पदार्थाच्या डोक्यावर विस्तव ठेवायचा हे मला फार विचित्र वाटलं. 

"झालं कसं कळायचं? झाकण काढून बघू?"

"नक्को! कान लगा. गूड बोलता. बोलता है तब तक रुक. चुप हुआ की उतार."

आणि खरंच, कान जवळ नेला की आत चुर्र चुर्र आवाज यायचा. एक एक खडा विरघळत, शेंगदाण्याला धरत बोलायचा. मी परसातल्या दगडी चुलीपाशी गुडघ्यांवर बसून ऐकत राहायची. दुपारची वेळ, अव्वा आत पडलेल्या, म्हैस रवंथ करते आहे, आणि मी एका पातेल्याचं बोलणं ऐकते आहे. त्या घरात माझ्याशी एवढं मन लावून दुसरं कुणी बोलत नव्हतं.

किडकी, कोंब आलेली रताळी म्हशीच्या वाटणीला जात. त्यातलीच मी घेत असे. पहिल्या वेळी वरचा थर कोळसा झाला. पळसाच्या पानावर थोडं घेऊन भिंतीवर ठेवलं. हात आला, पान घेऊन गेला.

"दुल्हन, ये क्या है? तवे का काजल?"

दुसऱ्या वेळी खालचं रताळं पातळ राहिलं. "ये पीने का है या खाने का?" मला रडू आलं तेव्हा म्हणाल्या, "नक्को रो. मेरी अम्मा मेरेकू चिमटे से मारती थी. तेरे मेरे बीच में तो दीवार है." मग स्वतःच खूप वेळ हसल्या.

त्यांनी त्यांच्या हातचं मला कधी देऊ केलं नाही. आमच्या घरात ते चालणार नव्हतं, आणि ते त्यांना माझ्याआधी माहीत होतं. "मैं दी तो तू लेनेकू नहीं सकती. बोल के खिलाती मैं तेरेकू." आणि त्या सांगायच्या. वरचा थर दाताखाली कुडुम वाजतो, मग तूप जिभेवर येतं, मग रताळं लागतं, गरम, मुलाच्या गालासारखं. बोलता बोलता त्या थांबत. त्यांना मूल नव्हतं. हैदराबादेला भरलेलं घर होतं, बहिणी होत्या, आणि इथं नाका, नवरा आणि भिंत. "मेरेकू भी यहां कौन है," एकदाच म्हणाल्या.  मी राख सारत बसले.

मुलानं एका वर्षी मला पुण्याला नेलं होतं. सुनेकडं विजेची भट्टी आहे, खाली-वर दोन्हीकडून तापते. मी तिला हे करून दाखवलं. थर छान लाल झाला. सून म्हणाली, "आई, केवढं सोपं आहे हे!" मी भट्टीच्या दाराशी कान नेला तर ती हसली. त्या काचेतून सगळं दिसतं. ऐकू काही येत नाही.

एका दुपारी अव्वा अचानक परसात आल्या. मी पटकन पातेलं गोठ्याआड सारलं.

"कुणाशी बोलत होतीस?"

"म्हशीशी."

अव्वांनी भिंतीकडं बघितलं, मग म्हशीकडं. "बरीच हिंदुस्थानी बोलती की म्हस," म्हणाल्या आणि आत गेल्या. आता आपलं काही खरं नाही, असं मला वाटलं. रात्री जेवताना त्यांनी विषय काढला नाही. त्यानं मला अजूनच भीती वाटली.

शिवरात्रीच्या दुपारी दादा आला. ईटहून चालत, गाडीनं, मोटारीनं. धोतरावर धूळ, हातात आईनं दिलेला फडक्यातला नारळ. ओसरीवर बसून तो नुसता बघत होता. आत कानडीत बोलणं चाललं होतं. त्यानं मला खुणेनं विचारलं, काय म्हणतायत? मी मान हलवली.

सकाळीच मी भिंतीपाशी जाऊन आले होते. "आज नीट होईल का?" विचारलं. खालाबी म्हणाल्या, "होगा. और सुन, दिन बोले की नहीं बोले, मेरेकू बोल के जाना. नहीं तो मेरेकू नींद नहीं आती." मी हो म्हटलं.

संध्याकाळी पूजा झाली. मी पातेलं आणलं, परळ उतरवलं. थर गव्हाळ लाल, कडेला गुळाचा पाक चकाकत होता. उलथण्यानं कापलं तेव्हा वाजला. सासऱ्यांनी एक घास खाल्ला आणि ताट पुन्हा पुढं केलं. दादानं माझ्याकडं बघितलं, असलं आपल्या घरी कधी झालं नव्हतं.

अव्वा सावकाश खात होत्या. खाऊन झाल्यावर त्यांनी परळातले विझत आलेले निखारे बघितले.

"वरनं इस्तू ठेवला होतास?"

"व्हय."

"ही रीत ईटची न्हाय. कुणी सांगितली?"

दादाचे कान लाल झाले. आईचं नाव घेतलं असतं तर दादाच पहिला चमकला असता, आणि मला तर खोटं बोलायलाही धीर लागतो. मी म्हटलं, "भिंतीपलीकडच्या खालाबींनी सांगितली. नुसतं सांगितलं. हात माझाच लागलाय, त्यांचा न्हाय." त्या घरात मी बोललेलं ते सगळ्यात लांब बोलणं होतं. 

 बाहेर देवळातली घंटा वाजत होती.

"म्हस लई शहाणी निघाली की," अव्वा म्हणाल्या.

सासऱ्यांना ठसका लागला. मालकांनी तोंडावर उपरणं धरलं. मी हसले, आणि सगळ्यांबरोबर हसले.

पण दिवस त्यांनी सांगितला नाही. त्या संध्याकाळी नाही, सकाळी नाही. दादा आंघोळ करून बसला. माझं गाठोडं बांधून झालं. अव्वांनी ओटी भरली, कपाळाला विभूती लावली, आईला निरोप सांगितला, जिवाला जपायला सांगितलं. दिवस नाही. मी मुद्दाम हळू चालले. चप्पल घालायला वेळ लावला. दादा म्हणाला, "मोटार चुकंल गं." मी पायऱ्या उतरले. गल्लीत आले. आता मागं वळून बघायचं नाही असं ठरवलं.

मागून अव्वांचा आवाज आला. "होळी आदम्याल लगू बा."

मी थांबले. त्या दारात उभ्या होत्या, एक हात चौकटीला. त्यांनी ते ओरडून म्हटलं नव्हतं. घरातलं माणूस घरातल्या माणसाला म्हणतं तसं म्हटलं होतं, त्या मऊ आवाजात.

"काय म्हणाल्या?" दादानं विचारलं.

"होळी झाली की लवकर ये म्हणाल्या."

दादानं माझ्याकडं बघितलं. आनंद झाला होता त्याला, पण त्या बघण्यात दुसरंही काही होतं. त्याला न कळलेलं मला कळलं होतं, इतके दिवस चुलीपाशी ऐकून. मी जशी अव्वांच्या तोंडाकडं बघायची, तसा तो माझ्या तोंडाकडं बघत होता. सडकेपर्यंत तो माझ्यापुढं दोन पावलं चालत राहिला. परसात जाऊन भिंतीपाशी सांगायला वेळ नव्हता. मोटार धूळ उडवत आलीच. मी मनात म्हटलं, आल्यावर सांगू. पंधरा दिवसांचा तर प्रश्न.

ईटला आईनं माझ्यावरून मीठमोहऱ्या उतरवल्या. मैत्रिणी आल्या, भरभरून बोलल्या, सगळं मराठीत. मी ऐकत होते. पण दुपार झाली, भांडी घासायला बसले, की मान आपोआप मागं वळायची. तिथं भिंत नव्हती. कडब्याची गंजी होती आणि पलीकडं उघडं रान.

होळी झाल्यावर दादानं मला आणून सोडलं. अव्वांनी पायांवर पाणी घातलं आणि कानडीत काही विचारलं. सगळं कळलं नाही, प्रवासाचं काहीतरी होतं. मी "हूं" म्हटलं आणि सरळ परसात गेले.

"खालाबी."

पलीकडं बांगड्यांचाही आवाज नव्हता. मी दगडावर चढून बघितलं. त्या भिंतीपलीकडं मी पहिल्यांदाच बघत होते. छोटं अंगण, एक मोडकी खाट, तुळशीएवढं मेंदीचं झाड. दाराला कुलूप.

आमच्याकडं पाणी घालणारा म्हातारा भिस्ती त्यांच्याकडंही पाणी घालत असे. तो पखाल खाली ठेवून म्हणाला, "साब की बदली हुई बेटा. बीदर की तरफ. होली के पहले गये."

"काही म्हणाल्या का?"

"रोज पुछती थी. दुल्हन आयी क्या? दिन बोले क्या उसकू? जाने के दिन भी पुछी, गाडी में बैठ के."

"मग तुम्ही काय सांगितलं?"

"मेरेकू क्या मालूम बेटा? मालूम नहीं बोला."

तो गेला. मी तिथंच उभी राहिले. त्यांना माझी अक्षरं येत नव्हती आणि मला त्यांची. बीदरकडं म्हणजे कुठं, तेही कुणाला माहीत नव्हतं. मला टाकली असंच समजून त्या गेल्या असतील. गाडीतून माझ्यासाठी वाईट वाटून घेत गेल्या असतील. मी मात्र परत आले होते, दिवस धरून, मानानं, त्याच दगडावर उभी होते, आणि हे ऐकून ज्यांना सगळ्यात बरं वाटलं असतं त्या एकट्याच तिथं नव्हत्या.

"खालाबी, मैं आ गई," मी भिंतीला म्हटलं. हळू म्हटलं, पण म्हटलं. म्हैस तेवढी कान हलवून बघत होती.

आतून अव्वांनी हाक मारली, कानडीत. चूल पेटवायची वेळ झाली होती. मी पदरानं डोळे पुसले, दगडावरून खाली उतरले.

"बंदे री," म्हटलं, आले हो, आणि घरात गेले.